सहा खात्यांचा एकटा कारभारी

व्हिएतनामच्या मध्यभागी, सुगंधनदी या नावाने ओळखल्या जाणाऱ्या संथ प्रवाहाच्या काठी वसलेले ह्वे हे नगर 1802 पासून 1945 पर्यंत न्गुयेन घराण्याची राजधानी होते, आणि त्या अवधीत तेथे जे तेरा सम्राट होऊन गेले त्यांचा कारभार नेमणुका, महसूल, विधी, लष्कर, न्याय आणि बांधकाम अशा सहा खात्यांमार्फत चालत असे, हे इतिहासाच्या पुस्तकांत नमूद आहे. 1945 साली राजपद संपुष्टात आले आणि त्याबरोबर खात्यांचा हा कारभारही मोडीत निघाला, असेही तीच पुस्तके सांगतात. परंतु या दुसऱ्या विधानाशी ह्वेचे एकदिवसीय दर्शन घेऊन आलेला कोणताही प्रवासी सहमत होणार नाही. सहाही खाती शाबूत आहेत. फरक पडला असेल तर तो इतकाच, की पूर्वी ज्या कामासाठी सहा मंत्री, त्यांचे दुय्यम, आणि त्या दुय्यमांच्या हाताखालील कारकुनांचा तांडा लागत असे, ते सारे काम आता हातात लहानसा पिवळा झेंडा घेतलेला एक मनुष्य सकाळी आठ ते सायंकाळी पाच या वेळेत उरकून टाकतो.

हा मनुष्य म्हणजे ह्वेचा मार्गदर्शक. गळ्यात सरकारी अनुज्ञापत्र, कमरेला ध्वनिवर्धकाची डबी, डोक्यावर टोपी, आणि भर उन्हाळ्यातही मनगटापर्यंत पोहोचणारा सदरा, अशा थाटात तो हॉटेलच्या दारात उभा असतो, आणि त्याच्या मुद्रेवर ते प्रसन्न औदासीन्य असते जे आपल्याकडे फक्त जुन्या मामलेदार कचेरीतील शिरस्तेदारांना साधत असे. त्याचे अनुज्ञापत्र सहजासहजी मिळालेले नसते. परदेशी पाहुण्यांना हिंडविण्याचा परवाना हवा असेल तर किमान महाविद्यालयीन पदविका लागते आणि परकीय भाषेतील प्रावीण्याचा दाखला लागतो. न्गुयेन दरबारात अधिकारपद मिळविण्यासाठी चिनी शास्त्रग्रंथांची परीक्षा द्यावी लागे. ती परीक्षा 1919 साली कायमची बंद झाली, पण परीक्षा देऊन हुद्द्यावर चढण्याची त्या नगरीची हौस काही बंद झाली नाही, आणि पूर्वीचे उमेदवार जेथे कन्फ्यूशियसची वचने घोकीत तेथे आजचे उमेदवार सम्राटांच्या राज्यारोहणाची साले घोकतात.

त्याचे आडनाव बहुधा न्गुयेन असते, कारण त्या देशात दर दहा माणसांतील तिघाचौघांचे आडनाव तेच आहे. सम्राटांचेही आडनाव तेच होते हे कळताच, ‘म्हणजे तुम्ही राजघराण्यातले का?’ असा प्रश्न बसमधील कोणीतरी विचारतोच. यावर तो हो म्हणत नाही आणि नाही असेही म्हणत नाही. विनयाने मान लववितो, आणि मिन्ह मांग या दुसऱ्या सम्राटाला अठ्ठ्याहत्तर पुत्र आणि चौसष्ट कन्या मिळून 142 अपत्ये होती, एवढीच माहिती देऊन थांबतो. ज्या नगरीत एका माणसाने पुढील पिढ्यांची इतकी तजवीज करून ठेवली आहे तेथे राजवंशाशी आपला काडीचाही संबंध नाही असे छातीठोकपणे कोण सांगणार?

नेमणूक खात्याचे काम बसच्या दारातच सुरू होते. खिडकी कोणाला, पुढची बैठक कोणाला, ज्यांना गाडी लागते त्यांना कोठे बसवावे आणि ज्यांना गाडी लागत नाही परंतु पुढे बसण्याची इच्छा असल्यामुळे लागते असे सांगावे लागते त्यांना कोठे, याचा निवाडा तो दोन मिनिटांत करतो. त्यानंतर हजेरी. बोटाने मोजलेले माणसास आवडत नाही, म्हणून तो नजरेने मोजतो, आणि दिवसभर मोजत राहतो: सम्राटाच्या सिंहासनाविषयी बोलताना मोजतो, बुद्धाच्या करुणेविषयी बोलताना मोजतो, आपण त्याला एखादी शंका विचारली आणि तो अत्यंत एकाग्रतेने आपल्याकडे पाहतो आहे असे आपल्याला वाटले, तर तेव्हाही तो आपल्या मागे उभ्या असलेल्यांची संख्या जुळवीत असतो. न्गुयेन सम्राट आपल्यापुढे आलेल्या कागदांवर स्वहस्ते लाल शाईने शेरे मारीत, आणि ते दप्तर आज युनेस्कोच्या जागतिक स्मृतिसंग्रहात दाखल आहे. मार्गदर्शकाजवळही एक घडी घातलेला कागद असतो, त्यावर नावे असतात, आणि प्रत्येक नावापुढे शाकाहारी, गुडघेदुखी, उशीर करणारे, असे त्याचे शेरे असतात. युनेस्कोचे लक्ष अद्याप त्याकडे गेलेले नाही.

सकाळ समाधिस्थळांत जाते. ही स्थळे नगराबाहेर, टेकड्यांच्या कुशीत आहेत, आणि त्यांतील काही स्थळे ज्याने त्याने जिवंतपणी आपल्या आवडीप्रमाणे योजून घेतलेली असल्यामुळे त्या त्या सम्राटाचा स्वभाव तेथे उघडा पडतो. तू दुक हा सर्वांत दीर्घकाळ, म्हणजे 1883 पर्यंत, पस्तीसएक वर्षे गादीवर होता. त्याने आपले समाधिस्थळ मृत्यूच्या कितीतरी आधी, 1864 ते 1867 या काळात बांधून घेतले आणि तेथेच तो तळ्याकाठच्या मंडपात बसून कविता करीत असे. बांधकामावर राबणाऱ्या मजुरांना हे काव्य इतके जड झाले की 1866 साली त्यांनी बंड केले. राण्या पुष्कळ आणि संतान नाही, म्हणून मुलाने लिहावयाची प्रशस्ती बापाने स्वतःच लिहिली आणि ती प्रचंड शिळेवर कोरून घेतली. त्याचा देह मात्र त्या आवारात नेमका कोठे पुरला आहे हे कोणासही ठाऊक नाही. अंगणात दगडी अधिकारी रांगेने उभे आहेत. सम्राट ठेंगणा असल्यामुळे त्याच्यापेक्षा कोणी उंच दिसू नये म्हणून ते बुटके घडविले, असे मार्गदर्शक सांगतो आणि लगोलग आपल्यातील सर्वांत उंच गृहस्थाला त्यांच्याशेजारी छायाचित्रासाठी उभे करतो. दरबारी विनोदाची ही परंपरा शेदीडशे वर्षांत फारशी पुढे सरकलेली नसावी.

याउलट सम्राट खाई दिन्ह. तो 1925 साली वारला आणि त्याची समाधी 1931 साली पुरी झाली. सिमेंट काँक्रीट, फ्रान्समध्ये ओतवून आणलेला सोनेरी मुलाम्याचा पुतळा, भिंतींवर फुटक्या चिनी मातीच्या आणि काचेच्या तुकड्यांची विस्मयकारक नक्षी, आणि या सर्वांच्या खर्चासाठी रयतेवर बसविलेला तीस टक्के वाढीव कर. तेथे जाण्यास 127 पायऱ्या आहेत. मार्गदर्शक हा आकडा खाली सांगत नाही, वर गेल्यावर सांगतो, आणि प्रशासनाचे यापेक्षा मोठे तत्त्व मला तरी कोणत्याही राजनीतिशास्त्राच्या ग्रंथात आढळलेले नाही. वर पोहोचलेले लोक धापा टाकीत असताना, म्हणजे प्रश्न विचारण्याच्या अवस्थेत नसताना, तो छतावरच्या नऊ ड्रॅगनांकडे बोट दाखवितो आणि ते चित्रकाराने पायाने रंगविले, असे सांगतो. ज्यांनी ते 127 वेळा पाय उचलून पाहिले त्यांना या गोष्टीची अपूर्वाई वाटत नाही.

इतिहास त्याच्याजवळ ठाणातल्या कापडासारखा असतो आणि गिऱ्हाइकाच्या अंगाला बसेल तेवढाच तो फाडून देतो. फ्रेंच दांपत्य असेल तर फ्रेंचांविरुद्धच्या 1885 च्या उठावाचा उल्लेख ‘एक दुःखद गैरसमज’ इतक्याच सौजन्याने होतो. अमेरिकन असतील तर ह्वेतील लढाईचे, 1968 चे साल येते, परंतु त्यातील कर्त्याला कर्मणि प्रयोगाआड लपविले जाते. आणि भारतीय दिसले की त्याला एकदम चंपाचे राज्य आठवते. 1306 साली चंपाचा राजा जय सिंहवर्मा याने उत्तरेकडील व्हिएत राजकन्या ह्वेन त्रान हिच्याशी विवाह केला आणि त्या विवाहासाठी आपले दोन प्रांत वधूपक्षाला देऊन टाकले. आजचे ह्वे त्याच मुलुखात आहे. संस्कृत नावाच्या राजाची ही हकीकत ऐकून आपली मंडळी सुखावतात हे खरे, पण माझ्या निरीक्षणाप्रमाणे त्यांना खरा जिव्हाळा त्यातील व्यवहाराचा वाटतो. वराने वधूपित्याला दोन प्रांत दिले, हे दोन मुलींची लग्ने उरकून आलेल्या आमच्या एका सद्गृहस्थांनी पुन्हा एकदा सांगावयास लावले, आणि नंतर बराच वेळ ते खिडकीतून त्या मुलुखाकडे पाहत राहिले.

महसूल खाते हे सर्वांत नाजूक. थुई श्वान या गावी उदबत्त्यांचे लाल, पिवळे, जांभळे जुडगे फुलांसारखे पसरून रस्त्याच्या दोन्ही बाजूंस मांडलेले असतात, आणि तेथे बस थांबणे हे दैवी विधिलिखित असल्याप्रमाणे थांबते. दुकानात पंखा असतो, चहा असतो, पाटावर दालचिनीची उदबत्ती वळून दाखविणारी बाई असते, काव्यपंक्ती आत दडविलेल्या आणि उजेडात धरल्यावरच ती अक्षरे दाखविणाऱ्या शंकूच्या आकाराच्या टोप्या असतात, मिन्ह मांगच्या नावाने विकले जाणारे औषधी मद्य असते (त्याच्या गुणाची हमी म्हणून तो 142 चा आकडा येथे दुसऱ्यांदा कामी येतो), आणि मुख्य म्हणजे स्वच्छ शौचालय असते. एवढ्या मोठ्या सोयीनंतर रिकाम्या हाताने बाहेर पडणे कुलीन माणसास जमत नाही, आणि याच मानवी सुजनतेवर सारी दस्तुरी उभी आहे. दस्तुरीबद्दल कोणी नाक मुरडू नये. मार्गदर्शक कोणालाही ‘घ्या’ म्हणत नाही. तो दूर उभा राहून आकाशाकडे पाहतो, पाऊस येईल की काय याचा अंदाज घेतो, आणि त्या नगरीत पाऊस इतका येतो की हा अंदाज घेण्याचे नाटक त्याला बारमाही शोभते.

भावाची घासाघीस मात्र आपल्या मंडळींकडून शिकावी. हजार रुपयांचे सुमारे तीन लाख दोंग होतात, त्यामुळे आयुष्यभर काटकसर केलेला मनुष्य तेथे उतरताच लक्षाधीश होतो, आणि लक्षाधीशाच्या अंगी जो चिकटपणा येतो तोही त्याच्या अंगी ताबडतोब येतो. दहा हजारांसाठी पाव तास वाद घातला जातो. आकडा ऐकून वाटते की घर विकत घेणे चालले आहे. मार्गदर्शक या प्रसंगी तटस्थ असतो. शेवटी तो पुढे होऊन पन्नास हजारांची नोट उलटी धरतो आणि तीवरील चित्र ह्वेच्याच नदीकाठच्या मंडपांचे आहे हे दाखवितो. सगळे त्या चित्रात गुंततात, वाद विझतो, आणि सौदा दुकानदाराच्या भावाने पुरा होतो.

भोजनाविषयी थोडक्यात. तू दुकच्या थाळीत पन्नास पदार्थ असत आणि ते पन्नास आचारी करीत, अशी दंतकथा तो जेवणाआधी सांगतो, जेणेकरून समोरच्या बारा पदार्थांकडे आपण नम्रतेने पाहावे. शाकाहाऱ्यांची भीती तेथे अनाठायी आहे, कारण बौद्ध मठांच्या सान्निध्याने ह्वेमध्ये शाकाहारी पाककला फार वर पोहोचलेली आहे आणि चांद्रमासाच्या पहिल्या व पंधराव्या तिथीला तेथील कितीतरी घरे मांसमत्स्य वर्ज्य करतात. अडचण मत्स्यरसाची. तो रस तेथे मिठाच्या जागी आहे, आणि ‘यात मासा नाही ना?’ या प्रश्नाला ‘मासा नाही’ हे उत्तर प्रामाणिकपणे मिळू शकते. आमच्या काकूंनी हा प्रश्न चार प्रकारे विचारला. मार्गदर्शकाने तो चारही वेळा स्वयंपाकघरात नेला, चारही वेळा परत आणला, आणि शेवटी स्वतः पातेल्याशी उभा राहून नुसत्या भाज्या परतवून आणल्या. विधी खात्याचा मंत्री याहून अधिक काय करणार होता?

दुपारी राजवाड्याचा परकोट. तटाची लांबी दहा किलोमीटरच्या आसपास, बाहेर खंदक, आत दुसरा तट, त्याच्या आत तिसरा. आणि इतके तट ओलांडून आपण ज्या मोकळ्या हिरवळीवर येऊन पोहोचतो तेथे एकेकाळी सम्राटाचे अंतःपुर होते. बरेचसे 1947 च्या आगीत गेले, उरलेल्यातील पुष्कळसे 1968 च्या लढाईत. बांधकाम खाते त्यामुळे अद्याप कामात आहे: किएन चुंग महाल नव्याने उभा राहून 2024 साली उघडला, ऐंशी खांबांचा सिंहासन-मंडपही त्याच वर्षी दुरुस्त होऊन खुला झाला, आणि परांच्या कोठे ना कोठे बांधलेल्या असतातच. लष्कर खात्याविषयी सांगण्यासारखे फार नाही. तटाशी नऊ कांस्य तोफा आहेत, त्या पहिल्या सम्राटाने ओतविल्या आणि आजतागायत कधी डागल्या नाहीत. मार्गदर्शकाच्या गळ्यातील शिट्टीचाही इतिहास हाच आहे.

न्यायखात्याची हकीकत मात्र सांगितली पाहिजे. दिलेल्या वेळेनंतर जो बसमध्ये येईल त्याने सर्वांसमोर एक गाणे म्हटले पाहिजे, असे फर्मान तो सकाळीच काढतो, आणि जगातील बहुतेक राष्ट्रे या शिक्षेच्या धाकाने वेळेवर येतात. मराठी मंडळींपुढे हा कायदा निष्प्रभ ठरला. पहिल्या मुक्कामावर उशिरा आलेल्या मामींनी एक भावगीत संपूर्ण, तिन्ही कडव्यांसह म्हटले. दुसऱ्या मुक्कामावर तिघेजण मुद्दाम उशिरा आले. तिसऱ्यावर, आपला क्रमांक कधी लागणार अशी पृच्छा वेळेवर आलेल्यांनी केली. मार्गदर्शकाने तो कायदा दुपारपूर्वीच रद्द केला, आणि रद्द केल्याचे जाहीर न करता तो विस्मृतीत जाऊ दिला, ही त्याची परिपक्वता.

न्गो मोन या भव्य महाद्वारावर तो क्षणभर नट होतो. पाच वाटांपैकी मधली केवळ सम्राटाची. 30 ऑगस्ट 1945 रोजी शेवटचा सम्राट बाओ दाई याने याच द्वारावर राजमुद्रा आणि तलवार नव्या सरकारच्या प्रतिनिधींच्या हवाली केली. हा प्रसंग सांगताना सम्राटही तोच, प्रतिनिधीही तोच, आणि तलवारीच्या जागी पिवळा झेंडा. तो डाव्या हाताने देतो आणि उजव्या हाताने घेतो, आणि एक राजवंश अर्ध्या मिनिटात, कोणाचाही खोळंबा न होता समाप्त होतो.

मात्र एवढा बोलका हा मनुष्य दोन ठिकाणी बोलणे आवरतो, आणि हे नमूद न केले तर त्याचे चित्र खोटे ठरेल. पूर्वजांच्या देवळासमोर कांस्याचे नऊ प्रचंड कलश आहेत. 1835 ते 1837 या काळात ते ओतले, आणि त्यांच्यावर देशातील डोंगर, नद्या, फळे, पक्षी कोरलेले आहेत. त्यांतल्या काहींवर लढाईचे वण आहेत. तो त्या वणावर बोट ठेवतो, साल सांगतो, आणि पुढे चालू लागतो. दुसरे ठिकाण थिएन मू मठ. 1601 साली स्थापलेल्या या मठाच्या आवारात, सात मजली मनोऱ्यामागे, फिकट निळ्या रंगाची एक जुनी ऑस्टिन मोटार ठेवलेली आहे. 11 जून 1963 रोजी थिक क्वांग दुक हे भिक्षू याच मोटारीतून सायगॉनच्या एका चौकात गेले आणि बौद्धांवरील जुलमाच्या निषेधार्थ त्यांनी स्वतःला जाळून घेतले. येथे त्याच्या ध्वनिवर्धकाची कळ बंद असते.

आता तो प्रश्न. महाराष्ट्रातून गेलेली एकही टोळी हा प्रश्न विचारल्यावाचून परत येत नाही, आणि तो मठातून नावेकडे उतरताना, म्हणजे मार्गदर्शक सर्वांत थकलेला असताना येतो. व्हिएतनामने शिवछत्रपतींच्या गनिमी काव्याचा अभ्यास करून अमेरिकेला नमविले आणि तेथील एका राष्ट्राध्यक्षाच्या समाधीवर हा महाराजांचा मावळा आहे असे कोरलेले आहे, ही कथा आपल्याकडे भ्रमणध्वनीवरून वर्षानुवर्षे फिरते आहे. तिला दुजोरा देणारा एकही कागद कोणी पुढे आणलेला नाही, आणि महाराजांच्या कीर्तीला असल्या शिलालेखाचा टेकू लागावा इतकी ती कच्चीही नाही. परंतु आमच्या निवृत्त अधिकाऱ्यांनी तो शिलालेख पाहण्याचा आग्रह धरला. मार्गदर्शकाने महाराजांचे नाव आदराने दोनदा उच्चारून पाहिले, कपाळाला आठ्या घातल्या, आणि सांगितले की ह्वेमध्ये फक्त सम्राट आहेत. राष्ट्राध्यक्षांचा विषय हनोईकडे येतो, तरी तेथील मार्गदर्शकाकडे चौकशी करावी. प्रकरण योग्य त्या खात्याकडे वर्ग झाल्याबद्दल अधिकाऱ्यांना पूर्ण समाधान वाटले. छत्तीस वर्षे त्यांनीही हेच केले होते.

परतीचा प्रवास ड्रॅगनच्या मुखाच्या नावेतून. यंत्राचा आवाज इतका, की त्याचा ध्वनिवर्धक हार पत्करतो. नावाडीण रेशमी झगे आणि भेटकार्डे मांडते. तो पुन्हा आकाशाकडे पाहू लागतो. धक्क्यावर शेवटची हजेरी होते, संख्या जुळते, आणि दिवसभरात प्रथमच तो खुर्चीवर बसतो. बक्षिसी तो दोन्ही हातांनी घेतो आणि मोजत नाही. दिवसभर मोजण्याचा धंदा करणाऱ्याने तेवढे एकच मोजू नये, यास मी खानदान म्हणतो, मग आडनावाचा संबंध राजघराण्याशी असो वा नसो.

वाचकांपैकी कोणी ह्वेला जाणार असेल तर त्याने दोन गोष्टी कराव्यात, अशी विनंती आहे. शिलालेखाचा प्रश्न हनोईसाठी राखून ठेवावा, आणि दिलेल्या वेळेच्या पाच मिनिटे आधी बसमध्ये येऊन बसावे. गाणे म्हणावयाचे असल्यास ते वेळेवर येऊनही म्हणता येते.